तळव्याकडची बाजू

लॅटिन भाषेतला एक शब्द माझ्या तोंडात इतका बसला आहे की घरातली पोरं त्यावरून माझी चेष्टा करतात. भाकरी ताटात नको, हातावर हवी असली की मी बायकोला म्हणतो, "व्होलरवर दे." तीही आता काही न विचारता तळहातावर भाकरी ठेवते. इंग्रजी मला औषधाच्या बाटलीवरचं वाचण्यापुरतं येतं आणि लॅटिनशी माझा संबंध या एका शब्दापुरता. पण या शब्दाने मला जेवढं थक्क केलं तेवढं शाळेतल्या सगळ्या पुस्तकांनी मिळून केलं नाही. तो मला कसा भेटला आणि त्याने काय दाखवलं, ते सांगायला बसलो आहे.

मी एक्स-रे काढणारा माणूस. नाव मुल्ला, राहणार कोल्हापूर. त्याआधी महाद्वार रोडवर माझ्या चाचांचा फोटो स्टुडिओ होता, तिथे मी फिल्म धुवायचो. संस्थान विलीन झालं आणि दरबारी फोटोंचं काम आटलं. स्टुडिओत दोघांचं पोट भरेना. त्याच सुमारास लक्ष्मीपुरीत कर्णिक डॉक्टरांनी हाडांचा दवाखाना थाटला होता आणि कुठूनसं एक जुनं जर्मन एक्स-रे मशीन आणून बसवलं होतं. डॉक्टर चाचांचे गिऱ्हाईक. ते मला म्हणाले, तुला अंधारात काम करायची सवय आहे, फिल्म धुता येते, उरलेलं मी शिकवीन. मी दुसऱ्या दिवशी सकाळी हजर झालो आणि केस पांढरे होईपर्यंत तिथून हललो नाही.

लोक एक्स-रेला फोटोच म्हणायचे. "आतला फोटो." त्यामुळे फोटोला जावं तसं नटूनथटून यायचे. बायका केसांत फुलं माळून यायच्या. मुरगूडकडचे एक पाटील गुडघ्याच्या एक्स-रेसाठी कोट घालून, फेटा बांधून आले आणि फेट्याचा तुरा नीट दिसेल ना, असं त्यांनी मला दोनदा विचारलं. एक पैलवान छातीत कळ येते म्हणून आला. त्याने अंगाला तेल चोळलं होतं. प्लेटसमोर उभा राहिला तो श्वास रोखून, दंड फुगवून. मी फिल्म धुतली, वाळवली आणि त्याच्या हातात दिली. त्याने ती उजेडाकडे धरली, बराच वेळ पाहिली आणि पडलेल्या आवाजात म्हणाला, "एवढी वर्सं मेहनत केली, दूध-बदाम खाल्लं, आन् फोटोत निस्ती हाडंच व्हय?" त्याची समजूत घालताना माझ्या नाकी नऊ आले. तुझ्या आणि माझ्या फासळ्या सारख्याच दिसतात, हे काही त्याला शेवटपर्यंत पटलं नाही.

स्टुडिओतून येताना मी एक खोड बरोबर आणली होती. फोटोग्राफर "जरा डावीकडे सरका" म्हणतो ते स्वतःच्या डाव्या हाताला धरून. डॉक्टरांनी पहिल्याच आठवड्यात ती मोडली. म्हणाले, तुझी डावी-उजवी चपलांबरोबर बाहेर काढून आत यायचं. इथे उजवं म्हणजे पेशंटचं उजवं. तो उताणा असो, पालथा असो, तू त्याच्या डोक्याशी उभा अस नाहीतर पायाशी. पुढचं, मागचं, वरचं, खालचं, हे शब्दसुद्धा इथे चालायचे नाहीत, कारण झोपलेल्या माणसाचं वर कुठलं आणि उभ्याचं कुठलं?

मग त्यांनी आपला हात माझ्यासमोर धरला. तळवा वर केला, खाली केला, कोपर वाकवून तळवा स्वतःच्या छातीकडे वळवला, पाठीमागे नेला. प्रत्येक वेळी विचारायचे, आता व्होलर कुठे? व्होलर म्हणजे तळव्याकडची बाजू. नुसता तळवा नव्हे. बोटं, मनगट आणि त्यावरचा कोपरापर्यंतचा हात, या सगळ्याचं तळव्याच्या अंगाचं जे तोंड आहे ते व्होलर. उलटं, हातावर केस असतात ते डॉर्सल. जुन्या पुस्तकांत पायाच्या तळव्यालाही व्होलर म्हटलेलं आहे असं डॉक्टर सांगायचे, पण पायाला वेगळा शब्द रुळला आणि हा हाताच्या वाट्याला आला. अलीकडचे डॉक्टर त्याच बाजूला पामर म्हणतात. मराठी माणसाच्या जिभेला हाताबद्दल असं बोलवत नाही, म्हणून मी आपला जुनाच शब्द धरून आहे.

तुम्ही म्हणाल, एवढ्यासाठी लॅटिन कशाला? मलाही वाटलं होतं. पण घरी गेलो, अंथरुणावर पडलो आणि अंधारात हात फिरवून पाहू लागलो. हात छताकडे, भिंतीकडे, उशाखाली. खोलीतली प्रत्येक दिशा बदलत होती आणि ही एक बदलत नव्हती. ती दिशा खोलीत नव्हतीच. ती माझ्या हातात होती, जन्मल्यापासून होती आणि मी कुठेही गेलो तरी माझ्याबरोबर येणार होती. पूर्व-पश्चिम बाहेर असतात, पण माणसाच्या अंगात त्याच्या स्वतःच्या अशा दिशा आहेत, आणि कोणीतरी शेकडो वर्षांपूर्वी बसून त्यांना नावं दिली आहेत, याचं मला भारी नवल वाटलं. अजून वाटतं.

आता धंद्यातली एक गोष्ट सांगतो, तिच्याशिवाय पुढचं कळायचं नाही. त्या दिवसांत फिल्म सहज मिळत नसे. आम्ही मोठी फिल्म लाल दिव्याखाली कात्रीने कापून तिचे तुकडे करायचो आणि मनगटासारख्या लहान जागेला पत्त्याएवढा तुकडा वापरायचो. डाव्या-उजव्याला शिशाची अक्षरं होती, ती फिल्मवर पांढरी उमटायची. पण मनगटाचा फोटो बाजूने काढला तर त्या पत्त्याएवढ्या तुकड्यात ना अंगठा दिसे ना बोटं. नुसती हाडांची गर्दी. त्यात तळव्याची बाजू कुठली, हे फिल्म ओली असताना दहा वेळा उलटसुलट केल्यावर कोण सांगणार? स्टुडिओत लहान मुलांनी कॅमेऱ्याकडे बघावं म्हणून आम्ही पितळेचं घुंगरू वाजवायचो. त्यातलं एक मी घेऊन आलो आणि चिकटपट्टीने मनगटाच्या व्होलर बाजूला लावू लागलो. फिल्मवर त्याचा पांढरा ठिपका यायचा. डॉक्टरांना ही युक्ती आवडली. त्यांनी तिला एक नियम जोडला: हाड बसवताना दाब द्यायच्या आधी बाजू मोठ्याने बोलायची. त्यांनी विचारायचं, मी घुंगरू पाहून उत्तर द्यायचं, मगच अंगठा दाबायचा.

अक्काताई आली ती श्रावण संपता संपता. हुपरीची. घरात चांदीचं काम. सासरे, दीर, जावा सगळे त्यातच. बरोबर सासरे होते, त्यांना सगळे आप्पा म्हणत, आणि त्यांच्यासोबत आमच्या पेठेतल्या तालमीचे वस्तादही होते. वस्तादांना बघून मला आश्चर्य वाटलं. हाडं बसवण्यात त्यांचा मोठा लौकिक. ते पेशंट घेऊन आमच्या दारात यायचे नाहीत, आमचेच पेशंट गुपचूप त्यांच्याकडे जायचे.

झालं होतं असं. पंधरवड्यापूर्वी अक्काताई माळ्यावरून उतरताना शिडी सरकून पडली आणि उजव्या हाताच्या पंजावर आपटली. मनगट सुजलं. आप्पांनी तिला वस्तादांकडे आणलं. वस्तादांनी आंबेहळदीचा लेप दिला, पट्टी बांधली. सूज थोडी उतरल्यावर त्यांनी आपली दोन बोटं तिच्या मुठीत दिली आणि पिळायला सांगितलं. तिने पिळली. पकड आहे, हाड शाबूत आहे, मुरगळलंय, जाईल, असं सांगून त्यांनी घरी पाठवलं. घरी गेल्यावर ती चांदी झाळायला, म्हणजे आगीवर डाग देऊन सांधायला, बसली आणि तिथे भलतंच कळलं.

ते तिने स्वतः सांगितलं. आमच्याकडच्या बायका स्वतःबद्दल बोलतानाही "मी आलो, गेलो"च म्हणतात, ही तर हुपरीची.

"झाळायला बसलोतो भाऊ. जळाल्याला वास आला. म्हटलं चुलीवर काय तर करपलं. जावंला हाक मारली. ती म्हणाली, अक्का, बोट बघ की. बघतो तर माझंच बोट आगीत."

तिने हात पुढे केला. तर्जनीच्या टोकाला मोठा फोड होता. अंगठा, तर्जनी आणि मधलं बोट, तिन्ही मेल्यासारखी झाली होती. हलत होती, पण त्यांना काही कळत नव्हतं.

आप्पा मागे उभे होते. उंच, वाकलेला माणूस, जाड भिंगाचा चष्मा. त्यांनी डॉक्टरांना आपला धंदा समजावला. पैंजणाच्या बारीक साखळीत कड्या एकीत एक अडकवून त्यांची तोंडं मिटवायची असतात. कडी चिमटीत धरली की बोटांखाली झाकून जाते, डोळ्याला दिसतच नाही. तोंड मिटलं की नाही ते बोटालाच कळतं. आप्पांची नजर गेली होती, पोरांचे हात जाड होते. घरात बारीक काम येणारं माणूस एकच, ही सून, आणि तिला आप्पांनी स्वतः शेजारी बसवून शिकवलं होतं. "हिचा हात गेला तर माझ्या बाचं कसब गेलं म्हणायचं," ते म्हणाले. ते बोलताना त्यांनी सुनेकडे पाहिलं नाही. तिने पदर तोंडाशी धरला होता.

वस्ताद एका कोपऱ्यात हात बांधून उभे होते. डॉक्टरांनी त्यांना काही विचारलं नव्हतं, तरी ते आपणहून म्हणाले, "आमच्याकडं हात म्हंजी पकड. पकड हाय म्हणून मी हात बरा म्हटलं. कळतंय का, हे इचारायचं आमास्नी सुचतच न्हाय की."

डॉक्टर त्यांना हसले नाहीत. मूठ पिळायला करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट पुरतं, ती दोन्ही हिची ठीक आहेत, त्यामुळे तुम्हाला पकड लागली, तुमचं चुकलं असं मी म्हणणार नाही, एवढंच त्यांनी सांगितलं. मग मला म्हणाले, समोरून एक आणि बाजूने एक. फिल्मची काटकसर आज नको.

अक्काताईच्या हातात हिरव्या बांगड्या होत्या. काचेचीही सावली फिल्मवर पडते. बांगड्या काढा असं म्हणायची सोय नव्हती; सवाष्ण बाई, त्यात सासरे समोर. मी त्या हलक्या हाताने जमतील तितक्या कोपराकडे सरकवल्या आणि नाडीने बांधल्या. घुंगरू लावलं. ती म्हणाली, "आमी जन्मभर घुंगरं जोडतो, ही पयली येळ कुणी मला बांधलं." इतक्या त्रासातही बाई हसली, त्यामुळे मलाही जरा बरं वाटलं.

समोरून काढलेली फिल्म पाहिली तर फारसं काही कळेना. मनगटात आठ लहान हाडं असतात, दोन ओळींत, एकमेकांना खेटून. त्या फिल्मवर ती सगळी जागेवर असल्यासारखी दिसत होती. मग बाजूची फिल्म धुवायला घेतली. डेव्हलपरमध्ये फिल्म हलवताना आधी काहीच नसतं, मग काळं-पांढरं वर येऊ लागतं. हजारो फिल्मा धुतल्या, पण त्या क्षणी मी अजून श्वास धरतो. त्या दिवशी लाल दिव्याखाली आधी घुंगराचा ठिपका आला, मग हाताची दोन लांब हाडं, आणि मग ते दिसलं.

त्या आठांतलं एक हाड चंद्रकोरीच्या आकाराचं असतं. लॅटिनमध्ये त्याला चंद्रावरूनच नाव दिलेलं आहे. बाजूने पाहिलं तर ते बोटांकडे तोंड केलेल्या वाटीसारखं दिसतं आणि त्या वाटीत पुढचं हाड बसलेलं असतं. अक्काताईच्या हातात ती वाटी रिकामी होती. ती ओळीतून बाहेर पडून, कलंडून, घुंगराच्या अंगाला येऊन बसली होती. सुपारीएवढं हाड. बोटांचा स्पर्श पोचवणारी शीर मनगटात त्याच वाटेने जाते, आणि हा चंद्र नेमका तिच्यावर येऊन पडला होता.

मी ओली फिल्म तशीच टांगून डॉक्टरांना दाखवली. त्यांनी आधी घुंगराचा ठिपका शोधला. मग म्हणाले, "व्होलर."

एकच शब्द, पण त्यात सगळं आलं. हाड कुठे गेलं, शीर का मेली, आणि अंगठा कुठल्या बाजूने लावून कुठल्या बाजूला ढकलायचं. बाहेर आप्पांना त्यांनी साधं करून सांगितलं. हाड परत बसवायचा प्रयत्न करतो. उशीर झाला आहे, बसेलच असं नाही. बसलं तरी शीर जागी होईल की नाही, ते माझ्या हातात नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी काम ठरलं. असं हाड बसवताना डॉक्टर एक्स-रेचा पडदा वापरायचे. खोली पूर्ण काळी करायची, मशीन चालू ठेवायचं, आणि पडद्यावर हिरवट उजेडात आतली हाडं हलताना दिसतात. डोळे अंधाराला सरावेपर्यंत आधी बराच वेळ लाल चष्मा लावून बसावं लागे. शिशाचे हातमोजे होते, पण ते इतके जड की हाताला काही लागायचं नाही, म्हणून आम्ही दोघंही उघड्या हातांनी काम करायचो. त्याची किंमत पुढे मोजली. आज माझ्या बोटांची कातडी चिरलेली असते, नखं वेडीवाकडी आहेत आणि चहा गरम आहे का गार, हे मला ओठाला लावल्यावर कळतं. तेव्हा ते ठाऊक नव्हतं, आणि ठाऊक असतं तरी डॉक्टरांनी मोजे घातले असते असं मला वाटत नाही.

शेजारच्या गल्लीतले डॉक्टर भूल द्यायला आले. अक्काताई झोपली. मी तिचं कोपर घट्ट धरलं, कर्णिक डॉक्टरांनी बोटं धरून हात ताणायला सुरुवात केली. पडद्यावर हिरव्या उजेडात हाडं एकमेकांपासून किंचित दूर होताना दिसली. चंद्र तसाच कलंडलेला, घुंगराला चिकटून. डॉक्टर ताण वाढवत गेले. बराच वेळ गेला. त्यांच्या कपाळावरचा घाम माझ्या हातावर पडत होता. एकदाची फट पुरेशी मोठी दिसली, त्यांनी अंगठा जागेवर नेला, आणि वीज गेली.

कोल्हापूरची वीज त्या काळी लहरी होती, पण तिने लहर कुठे दाखवावी? पडदा मेला. स्वतःचा हात दिसेना इतका अंधार. मी म्हणालो, खिडकीचा पडदा काढू का? डॉक्टर नको म्हणाले. हात सोडला तर फट मिटेल, पुन्हा इतका ताण या हाताला झेपायचा नाही. भूल देणारे डॉक्टर अंधारातच तिच्या दुसऱ्या हाताची नाडी धरून होते, ते म्हणाले, ठीक आहे, पण लवकर.

मग अंधारात डॉक्टरांनी नेहमीसारखा, नेहमीच्याच आवाजात प्रश्न विचारला. "मुल्ला, व्होलर?"

पाहून उत्तर द्यायची सोय नव्हती. मी एक हात कोपरावर ठेवून दुसरा पुढे सरकवला, तिच्या मनगटावरून चाचपत गेलो. आधी घुंगरू लागलं. त्याला लागूनच डॉक्टरांचा अंगठा.

"अंगठ्याशेजारीच घुंगरू हाय, डॉक्टर," मी म्हणालो. "व्होलर."

त्यांनी दाबलं. माझं बोट त्यांच्या अंगठ्यावरच होतं, त्यामुळे तो दाब मला कळला. आधी काहीच हललं नाही, मग अंगठा एकदम आत गेला आणि बोट मोडल्यासारखा बारीक आवाज आला. डॉक्टरांनी तिचं मनगट हळूच वाकवलं आणि तसंच धरून ठेवलं. वीज येईपर्यंत आम्ही तिघं पुरुष त्या अंधारात एका बाईचा हात धरून उभे होतो, आणि खरं सांगतो, मी मनात कलमा म्हणत होतो.

वीज आली तेव्हा पडदा हळूहळू हिरवा झाला. वाटी सरळ उभी होती आणि तिच्यात पुढचं हाड बसलं होतं, जसं अक्काताई आईच्या पोटात असताना बसलं असेल तसं. कोणी न पाहता, निव्वळ एक बाजू ठाऊक आहे एवढ्यावर, ते हाड आपल्या घरी परत गेलं होतं. माझ्या डोळ्यांना पाणी आलं. लाल चष्म्याने डोळे चुरचुरतात, असं मी भूल देणाऱ्या डॉक्टरांना सांगितलं.

पण खरी गोष्ट हाडाची नव्हतीच. प्लास्टर निघालं, सूज गेली, आणि बोटं तशीच मेलेली. डॉक्टर तिला डोळे मिटायला सांगायचे आणि कापसाची वात बोटावर फिरवायचे. ती काही बोलायची नाही. टाचणीचं टोक लावलं तरी नाही. महिन्याभराने पुन्हा, पुन्हा तेच. दर वेळी आप्पा बाकावर बसून तिच्या मिटलेल्या डोळ्यांकडे बघायचे. दिवाळीनंतर आले तेव्हा त्यांनी सांगितलं की शेजारच्या घरातल्या एका पोरीला कामाला बसवून बघतोय, शिकंल हळूहळू. अक्काताई जमिनीकडे बघत म्हणाली, "माझीच जागा हाय ती." बस, एवढंच. त्यांच्या घरात सासऱ्यासमोर एवढं बोलणं म्हणजे फार होतं. डॉक्टर त्यांना म्हणाले, शीर वाढते, पण फार सावकाश वाढते, माझ्यासाठी थांबू नका, तिच्यासाठी थोडे थांबा. आप्पा व्हय म्हणाले, पण त्यात जीव नव्हता. ते गेल्यावर डॉक्टर मला म्हणाले की मला स्वतःलाच आता फारशी आशा नाही.

मग ते बरेच दिवस आले नाहीत. थंडी सरत आली होती. मी खोलीत टेबल पुसत होतो, तर दारात अक्काताई आणि मागे आप्पा. या वेळी ती पुढे होती. डॉक्टरांनी खुर्ची दिली, कापूस घेतला. तिने डोळे मिटायच्या आधीच सांगायला सुरुवात केली.

"परवा पोरीची येणी घालत हुतो. बोलत हुतो जावंसंगं, ध्यान तिकडं. बोटाखाली काय तर हाललं. न बघता धरली. ऊ हुती."

डॉक्टरांना आधी कळलंच नाही. तिने तर्जनी आणि अंगठा जुळवून दाखवला. "ह्याच्यात धरली. जित्ती."

डॉक्टरांनी कापूस खाली ठेवला आणि हसायला लागले. इतके हसले की चष्मा काढून पुसावा लागला. इतक्या वर्षांत त्यांना असं हसताना मी पाहिलं नव्हतं. मग त्यांनी रीतसर तपासणी केली. तिने डोळे मिटले. कापूस अंगठ्याला लागला, ती म्हणाली, हाय. तर्जनीला, हाय. मधल्या बोटाला जरा थांबून म्हणाली, हाय, पर लांबनं. बाकावर आप्पा ताठ बसून ऐकत होते आणि प्रत्येक "हाय"ला त्यांची मान हलत होती.

डॉक्टर मला म्हणाले, शेवटची एक फिल्म घेऊन ठेव. अक्काताई सवयीने उठली, बांगड्या वर सारल्या आणि हात टेबलावर ठेवला, तळवा वर. मी फिल्मची कॅसेट हातात घेऊन उभा राहिलो. या हाताच्या आत काय आहे हे मला तिच्यापेक्षा जास्त ठाऊक होतं, पण हा हात मी कधी उजेडात, बाहेरून, नीट पाहिलाच नव्हता. रेषांत चांदीचा काळा मळ, बोटांची टोकं घासून गुळगुळीत झालेली. आप्पा जवळ येऊन वाकून बघत होते, त्यांचा खांदा तिच्या समोर. डॉक्टरांच्या हातातल्या कापसाचा एक तंतू उडून आप्पांच्या बंडीवर पडला होता. तिने उचलेपर्यंत मला तो दिसलाही नव्हता. अक्काताई माझ्याशी एस.टी.च्या वेळेचं काहीतरी बोलत होती. बोलता बोलता तिच्या त्याच हाताची बोटं बंडीला लागली आणि न बघता तिने दोन बोटांच्या चिमटीत तो तंतू उचलला आणि टेबलावर सोडला. आप्पांना ते कळलंही नाही. मी कॅसेट परत ठेवून दिली. जे परत आलं होतं ते माझ्या कुठल्याच फिल्मवर दिसलं नसतं.